एलिझाबेथ की हिचा दावा : व्हर्जिनिया वसाहतीतील गुलामगिरी आणि बापाचा प्रश्न

1655 साली उत्तर अमेरिकेतील इंग्रजांच्या व्हर्जिनिया वसाहतीच्या उत्तर भागात, नॉर्थंबरलँड काउंटीत, कर्नल जॉन मॉट्रम हा बडा मळेवाला वारला आणि त्याच्या मिळकतीची यादी करण्याचे काम रीतीप्रमाणे सुरू झाले. जमीन, जनावरे, भांडीकुंडी आणि चाकरमाणसे अशा सगळ्यांची मोजदाद त्या यादीत झाली. पंचविशीच्या आसपासची एलिझाबेथ नावाची एक स्त्री आणि तिचा लहानगा मुलगा जॉन यांना इंग्रज चाकरांबरोबर न धरता 'निग्रो' म्हणून नोंदवण्यात आले. हा भेद नुसता कागदावरचा नव्हता. इंग्रज चाकराच्या करारातील जेवढी वर्षे शिल्लक असतील तेवढीच वारसांच्या वाट्याला येत. गुलाम ठरलेले माणूस मात्र जन्मभरासाठी वारसांचे होई. एलिझाबेथने ही नोंद मान्य केली नाही. आपण गुलाम नाही, आपल्या चाकरीची मुदत केव्हाच संपली आहे, असे म्हणून ती न्यायालयात गेली. तिने मांडलेले मुद्दे बारकाईने पाहिले तर ते सगळे एकाच ठिकाणाहून आलेले दिसतात, ते म्हणजे नात्यागोत्यातून. बाप कोण, धर्मपिता (बाप्तिस्म्याच्या वेळी मुलाची धार्मिक जबाबदारी घेणारा) कोण, आपल्या मुलाचा बाप कोण, या तीन प्रश्नांच्या उत्तरांवर तिचे स्वातंत्र्य उभे होते. पुढच्या पस्तीस वर्षांत वसाहतीच्या विधिमंडळाने हेच तीन आधार एकेक करून काढून घेतले. म्हणूनच हे एकटे प्रकरण त्या समाजातील कुटुंब आणि गुलामगिरी यांचा संबंध समजून घेण्यास पुरेसे ठरते.

प्रथम त्या काळाची थोडी कल्पना असायला हवी. जेम्सटाउन ही व्हर्जिनियातील पहिली इंग्रज वस्ती 1607 मधली. 1619 च्या ऑगस्टमध्ये 'व्हाइट लायन' या जहाजातून वीसएक आफ्रिकी कैदी पॉइंट कम्फर्ट येथे उतरवले गेले, आणि तेथून पुढची काही दशके वसाहतीत आफ्रिकी माणसांची संख्या काही शेकड्यांच्या वर गेली नाही. तंबाखूच्या शेतांवर राबणारे बहुतेक हात इंग्लंडमधून आलेल्या करारबद्ध चाकरांचे होते. प्रवासखर्चाच्या बदल्यात काही वर्षे राबायचे, मालकाच्या परवानगीशिवाय लग्न करायचे नाही, मुदत संपली की धान्य आणि कपडे घेऊन मोकळे व्हायचे, असा तो करार असे. आफ्रिकी माणसांचे स्थान मात्र पक्के ठरलेले नव्हते. काही जण मुदतीने सुटत, काही पैसे भरून सुटत, बरेच जण कधीच सुटत नसत. आणि यातील कोणाची कोणत्या वर्गात गणना करायची याविषयी लेखी कायदा नव्हता. 1640 मध्ये पळून गेलेल्या तीन चाकरांना शिक्षा झाली, तेव्हा दोन गोऱ्यांची मुदत काही वर्षांनी वाढवण्यात आली आणि जॉन पंच या काळ्या माणसाला जन्मभर चाकरी करावी असा हुकूम झाला. 1643 मध्ये शेतावर राबणाऱ्या पुरुषांप्रमाणे आफ्रिकी स्त्रियांवरही डोईपट्टी बसली. इंग्रज स्त्रियांवर ती नव्हती. इंग्रज बाई घरातली आणि आफ्रिकी बाई शेतातली, ही वाटणी करवसुलीच्या निमित्ताने कायद्यात शिरली ती अशी.

एलिझाबेथचा जन्म साधारण 1630 चा. टॉमस की हा तिचा बाप. हा इंग्रज मळेवाला वसाहतीच्या प्रतिनिधिगृहाचा सभासद राहिलेला होता. आई त्याच्याच घरची आफ्रिकी गुलाम स्त्री होती, आणि तिचे नाव एकाही कागदात आलेले नाही. लग्नाबाहेर मूल झाल्याबद्दल टॉमसला ब्लंट पॉइंटच्या न्यायालयासमोर उभे राहावे लागले. त्याने आधी कानावर हात ठेवले, पण दंड झाला आणि शेवटी त्याने मुलीची जबाबदारी पत्करली. अनौरस मुलाच्या बापाला शोधून त्याच्याकडून दंड वसूल करण्याची इंग्लंडमधील पद्धत येथेही होती. तिच्यामागे नीतीपेक्षा हिशेब अधिक होता, कारण बाप सापडला नाही तर मुलाचे पोट भरण्याचा भार चर्चच्या वस्तीवर पडे. त्या हिशेबापायीच का होईना, एका आफ्रिकी स्त्रीच्या मुलीला कायद्याच्या दफ्तरात इंग्रज बाप मिळाला, आणि वीस वर्षांनी तिला तारले ते याच दंडाच्या आठवणीने.

1636 मध्ये टॉमस की इंग्लंडला जाण्याच्या बेतात होता. मुलगी तेव्हा पाच-सहा वर्षांची होती. तिचा बाप्तिस्मा झालेला होता आणि हम्फ्री हिगिन्सन हा प्रतिष्ठित मळेवाला तिचा धर्मपिता होता. टॉमसने तिला याच हिगिन्सनच्या हवाली नऊ वर्षांसाठी केले. कागदाच्या भाषेत सांगायचे तर विकले. पण विक्रीला अटी होत्या. सामान्य चाकरापेक्षा तिला अधिक मानाने वागवायचे, हिगिन्सन नऊ वर्षांच्या आत इंग्लंडला गेला तर तिचे भाडे भरून तिला सोबत न्यायचे, आणि कोणत्याही परिस्थितीत तिला दुसऱ्याच्या हाती द्यायचे नाही. पोटच्या मुलीला विकणारा बाप आणि तिच्या भल्यासाठी अटी लिहून घेणारा बाप हा एकच माणूस होता, हे आजच्या वाचकाला पचायला जड जाते. मला तरी यात ढोंगापेक्षा त्या समाजाचा सरळ व्यवहार दिसतो. अल्पवयीन मुलाला करारावर चाकरीला ठेवणे ही इंग्रज घरांतलीही नेहमीची गोष्ट होती. टॉमसने आपल्या मुलीला त्या चौकटीत बसवण्याचा प्रयत्न केला, आणि त्याच वर्षी तो मेला.

बाप गेल्यावर अटी सांभाळणारे कोणी उरले नाही. हिगिन्सन इंग्लंडला परतला तो मुलीला न घेता, आणि ती मॉट्रमच्या ताब्यात गेली. मॉट्रम हा नॉर्थंबरलँड भागातील पहिल्या इंग्रज वसाहतवाल्यांपैकी. नऊ वर्षांचा हिशेब केला तर एलिझाबेथची सुटका 1645 च्या सुमारास, पंधराव्या वर्षी व्हायला हवी होती. ती झाली नाही. 1650 च्या आसपास मॉट्रमने इंग्लंडहून काही तरुण चाकर आणले, त्यांत विल्यम ग्रिनस्टेड होता. याला कायद्याची बऱ्यापैकी जाण होती. एलिझाबेथ आणि विल्यम यांचे सूत जमले, पण करारातल्या चाकराला लग्न करता येत नव्हते आणि तिचे स्थान काय हेच संदिग्ध होते. जॉन हा त्यांचा मुलगा लग्नाविनाच जन्मला. मॉट्रम मेला तेव्हा ग्रिनस्टेडच तिचा वकील झाला. खटल्यात तिच्या बाजूने उभा राहणारा माणूस म्हणजे तिच्या मुलाचा बाप होता, आणि तिच्या दाव्याच्या निकालावर त्याच्या स्वतःच्या मुलाचे भवितव्यही टांगलेले होते.

साक्षींचे कागद टिकून राहिले आहेत. ते सावकाश वाचावेत असे आहेत, कारण एरवी मौनात जगलेल्या माणसांचे आवाज त्यांत थोडेसे ऐकू येतात. एलिझाबेथ न्यूमन ही ऐंशी वर्षांची म्हातारी, मॉट्रमच्या घरची जुनी चाकर. तिने सांगितले की ही मुलगी की साहेबाची, ही व्हर्जिनियात सर्वतोमुखी असलेली गोष्ट होती, आणि आपल्या निग्रो बाईला गरोदर केल्याबद्दल त्याला ब्लंट पॉइंटच्या न्यायालयात दंड झाला होता. उलट बाजूला निकोलस जर्न्यू नावाच्या त्रेपन्न वर्षांच्या माणसाने आपण ऐकलेली आवई सांगितली, पण त्याबरोबर एक फाटाही फोडला : खुद्द की म्हणे असे सांगत असे की मुलीचा बाप कॅप्टन मॅथ्यूजकडचा एक 'तुर्क' आहे. हे म्हणणे टिकले असते तर पुढचे सगळेच ढासळले असते. बाप इंग्रज नाही, ख्रिस्ती नाही, मुक्त प्रजाजन नाही, मग दाव्याला आधार उरत नाही. ॲलिस लॅरेट ही अडतीस वर्षांची बाई तिसरी. मुलीची आई मालकाच्या बिछान्यात जाताना मी अनेकदा पाहिली आहे, असे ती म्हणाली. आणि ही मुलगी की साहेबाची आहे, हे मी तिच्या आईच्या तोंडून ऐकले आहे, असेही तिने सांगितले. त्या नाव नसलेल्या आफ्रिकी स्त्रीचे म्हणून जे काही आपल्यापर्यंत पोचले आहे ते हे एवढेच, तेही दुसरीच्या साक्षीतून. आपल्या मुलीला बाप कोणता हे तिने सांगून ठेवले होते, आणि ते कोणाच्या तरी लक्षात राहिले होते. 'मालकाच्या बिछान्यात जाणे' या शब्दांमागे तिची इच्छा किती आणि सक्ती किती हे न्यायालयाला जाणून घ्यायचे नव्हते. तिथे फक्त बाप सिद्ध करायचा होता.

1656 च्या जानेवारीत काउंटीच्या ज्युरीने एलिझाबेथला मुक्त ठरवले. (मूळ कागदावर साल 1655 दिसते, कारण त्या काळचे इंग्रजी वर्ष 25 मार्चला सुरू होत असे.) मॉट्रमच्या मिळकतीचे कारभारी स्वस्थ बसले नाहीत. वरच्या न्यायालयात त्यांच्या मनासारखा निकाल लागला आणि एलिझाबेथ पुन्हा गुलाम ठरली. मग ग्रिनस्टेडने प्रकरण विधिमंडळापुढे नेले आणि विधिमंडळाने त्यासाठी समिती नेमली. समितीचा अहवाल छोटाच आहे, पण त्यात तीन मुद्दे एकामागोमाग मांडलेले आहेत. मुक्त पुरुषापासून गुलाम स्त्रीला झालेले मूल कॉमन लॉप्रमाणे, म्हणजे रूढी आणि निकालांवर उभ्या असलेल्या इंग्रजी कायद्याप्रमाणे, मुक्त असले पाहिजे, हा पहिला. एलिझाबेथचा बाप्तिस्मा पूर्वीच झालेला असून हिगिन्सन तिचा धर्मपिता आहे आणि आपल्या धर्मश्रद्धेविषयी ती चांगली माहिती देऊ शकते, हा दुसरा. बापाने तिला फक्त नऊ वर्षांसाठी आणि अटींवर दिले होते, हा तिसरा. म्हणून ती मुक्त आहे, आणि शेवटच्या मालकाने तिला धान्य व कपडे द्यावेत, तसेच मुदतीपेक्षा जास्त राबवून घेतल्याबद्दल भरपाईही द्यावी, असे समितीचे मत पडले.

पहिला मुद्दा वाटतो तितका सरळ नव्हता. इंग्लंडच्या जुन्या कायद्यात बांधील कुळाचा दर्जा बापावरून ठरे हे खरे. पण त्याच कायद्यात अनौरस मूल हे 'कोणाचेच नसलेले' मानले जाई आणि त्याला बापाचा वारसा मिळत नसे. म्हणजे एलिझाबेथला बाप मिळाला तो दर्जापुरता. वारसा मागितला असता तर तोच बाप नाहीसा झाला असता.

प्रकरण तरीही रेंगाळले. कारभाऱ्यांपैकी जॉर्ज कोलक्लो याने गव्हर्नरकडे अर्ज केला आणि जून 1656 मध्ये गव्हर्नर एडवर्ड डिग्ज याने काउंटीचे कामकाज थांबवण्याचा हुकूम काढला. या हुकमात तिचा उल्लेख 'ब्लॅक बेस' असा आहे. समितीच्या कागदात बापाचे आडनाव लावून एलिझाबेथ की, आणि कारभाऱ्यांच्या बाजूच्या कागदात नुसती काळी बेस : एकाच बाईविषयीचे, काही महिन्यांच्या अंतराने झालेले हे दोन लेख. 21 जुलै 1656 रोजी नॉर्थंबरलँडच्या न्यायालयाने समितीच्या अहवालाप्रमाणे तिला मुक्त ठरवले आणि धान्य, कपडे व भरपाई देण्यास सांगितले. विल्यम टॉमस या न्यायाधीशाने विरुद्ध मत नोंदवले. त्याच तारखेला विल्यम ग्रिनस्टेड आणि एलिझाबेथ यांच्या नियोजित विवाहाची जाहीर सूचना लागली. कोणाची कायदेशीर हरकत असेल तर आताच सांगावी, नाहीतर पुढे तोंड मिटून बसावे, अशी तिची भाषा आहे. स्वातंत्र्याचा निकाल आणि लग्नाची सूचना एकाच दिवशी यावी यात योगायोग फारसा नसावा. लग्न होऊन मुक्त इंग्रजाची बायको झाल्यावर तिला पुन्हा कोणाच्या यादीत ओढणे अवघड जाणार होते. तरीही भीती गेली नसावी, कारण 1659 मध्ये मॉट्रमच्या मिळकतीचा नवा कारभारी रिचर्ड राइट याने तिच्यावरील हक्क लेखी सोडून दिला आणि पुढे त्रास होणार नाही अशी हमी दिली. 1661 मध्ये ग्रिनस्टेड वारला. त्यांचे दोन मुलगे, जॉन आणि विल्यम, मुक्त म्हणून वाढले.

हा विजय त्या काळचा नमुना मानू नये. आसपासच्या घरांकडे पाहिले की एलिझाबेथची गोष्ट किती अपवादाची होती ते कळते. 1655 मध्येच पूर्व किनाऱ्यावरील नॉर्थॅम्प्टन काउंटीत जॉन केसर या काळ्या माणसाने आपली मुदत संपल्याचा दावा केला आणि न्यायालयाने त्याला जन्मभरासाठी मालकाकडे परत पाठवले. हा मालक अँटनी जॉन्सन स्वतः गुलामीतून सुटून जमीनदार झालेला आफ्रिकी होता. त्याच काउंटीत इमॅन्युएल ड्रिगस हा कष्टाळू आफ्रिकी गृहस्थ गुरे पाळून पैसे जोडी, करारमदार लेखी करी आणि आपल्या मुलांना सोडवण्यासाठी धडपडे. तरीही 1657 मध्ये त्याची सुमारे दहा वर्षांची मुलगी ॲन त्याच्या मालकाने विकून टाकली, आणि तिच्या पोटी पुढे होणाऱ्या सर्व संततीसह विकली. ड्रिगसच्या मुलीचा बाप कोण हे शोधायला साक्षीदार लागत नव्हते. तो शेजारीच राहत होता. पण तो बाप उपयोगाचा नव्हता, कारण तो इंग्रज नव्हता.

यावरून एक गोष्ट लक्षात येते. डिसेंबर 1662 चा प्रसिद्ध कायदा झाला तेव्हा गुलाम आईचे मूल गुलाम धरण्याची चाल वसाहतीत आधीच होती; शंका होती ती इंग्रज बापाच्या मुलांपुरती. कायद्याची सुरुवातच तशी आहे : इंग्रजापासून निग्रो स्त्रीला झालेली मुले गुलाम की मुक्त याविषयी काही शंका उपस्थित झाल्या असल्यामुळे, या देशात जन्मलेली सर्व मुले केवळ आईच्या स्थितीप्रमाणे बद्ध किंवा मुक्त धरली जातील. एलिझाबेथचे नाव त्यात नाही, आणि हा कायदा तिच्याच खटल्यामुळे झाला असे छातीठोकपणे म्हणता येत नाही. पण सहा वर्षांपूर्वी त्याच विधिमंडळाच्या समितीने याच शंकेचे नेमके उलटे उत्तर दिले होते, एवढे खरे. आईवरून दर्जा ठरवण्याचे तत्त्व रोमन कायद्यातले. इंग्रजी कायदा ते माणसांना लावत नव्हता, जनावरांना लावत होता : वासरू गायीच्या मालकाचे.

हा कायदा घराच्या आत काय करून गेला ते पाहण्यासारखे आहे. आता टॉमस कीसारख्या मळेवाल्याला कोणी मुलाचा बाप ठरवले तरी त्याच्या मिळकतीला धक्का बसत नव्हता. उलट भर पडत होती. कायद्यात व्यभिचारासाठी दुप्पट दंडाचे कलमही आहे, म्हणजे संबंधाला शिक्षा आणि संबंधाच्या फळावर मालकी, अशी ही रचना झाली. मालकाने आपल्याच घरच्या गुलाम स्त्रीवर हात टाकला तर तक्रार करणार कोण, हा प्रश्न कोणी विचारला नाही. त्याच सुमारास इंग्रज चाकर स्त्रीविषयी वेगळा कायदा झाला : तिला मालकापासून मूल झाले तर मुदत संपल्यावर चर्चच्या कारभाऱ्यांनी तिला आणखी दोन वर्षांसाठी दुसरीकडे विकावे, म्हणजे मालकाला तिच्या गरोदरपणाचा फायदा घेऊन तिची मुदत वाढवता येणार नाही. इंग्रज बाईच्या बाबतीत जो लोभ कायदेमंडळाला स्पष्ट दिसला आणि आवरावासा वाटला, तोच आफ्रिकी बाईच्या बाबतीत कायद्याने मालकाच्या पदरात टाकला. पेशवाईतील कुणबिणी, म्हणजे गुलाम बायका, आणि त्यांचे लेकवळे, म्हणजे त्यांना मालकापासून झालेली मुले, ज्यांना कागदांतून परिचित आहेत त्यांना एकाच बापाची दोन दर्जांची मुले ही गोष्ट नवी वाटणार नाही. पण व्हर्जिनियात तो दर्जा वंशाशी आणि पुढे रंगाशी कायमचा जखडला गेला, आणि ती वाट इथल्यापेक्षा वेगळी आहे.

उरलेले दोन आधारही गेले. सप्टेंबर 1667 मध्ये विधिमंडळाने ठरवले की बाप्तिस्म्याने कोणाच्या बद्ध वा मुक्त स्थितीत फरक पडणार नाही. मालकांनी निर्धास्तपणे गुलामांना ख्रिस्ती करावे, अशी त्यामागची भूमिका सांगण्यात आली. 1691 मध्ये गोऱ्या व्यक्तीने निग्रो, मुलाटो (गोऱ्या-काळ्यांच्या मिश्र संततीतील) किंवा इंडियन (अमेरिकेच्या मूळ रहिवासी) व्यक्तीशी लग्न केल्यास तीन महिन्यांत वसाहतीतून हद्दपारी, असा कायदा झाला. गोऱ्या स्त्रीला निग्रो किंवा मुलाटो पुरुषापासून लग्नाविना मूल झाले तर पंधरा पौंड दंड, नाहीतर पाच वर्षांची चाकरी. आणि ते मूल तीस वर्षांचे होईपर्यंत बांधलेले. तोवर मजुरीचे गणितही बदलत चालले होते. गव्हर्नर बर्कली याने 1671 मध्ये सुमारे चाळीस हजार लोकसंख्येत दोन हजार काळे गुलाम आणि सहा हजार गोरे चाकर असल्याचे कळवले होते. शतक सरता सरता हे प्रमाण उलटू लागले, आणि 1705 मध्ये सगळे तुकडे एकत्र करून गुलामांविषयीची मोठी संहिता तयार झाली. 1705 च्या व्हर्जिनियात एखादी एलिझाबेथ न्यायालयात उभी राहिली असती, तर बाप, धर्मपिता आणि नवरा हे तिघेही तिच्या कामास आले नसते.

मळेवाल्यांच्या मृत्युपत्रांत पुढे 'अमुक स्त्री आणि तिची वाढ' (म्हणजे तिला होणारी मुले) असे शब्द सर्रास दिसू लागले. एका मुलीला आई द्यायची, दुसरीला त्या आईला पुढे होणारी मुले द्यायची, अशाही वाटण्या झाल्या. जॉन वेल्स या व्हर्जिनियातील वकील-मळेवाल्याच्या घरी हे अगदी टोकाला गेलेले दिसते. एलिझाबेथ हेमिंग्ज या त्याच्या गुलाम स्त्रीचा बाप इंग्रज जहाजाचा कप्तान असल्याचे तिच्या नातवाने सांगितले आहे. त्याच कुटुंबकथनाप्रमाणे तिला वेल्सपासून मुले झाली, त्यांत सॅली एक. वेल्स 1773 मध्ये वारला तेव्हा त्याची औरस मुलगी मार्था आणि तिचा नवरा, पुढे अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झालेला टॉमस जेफरसन, यांच्या वाट्याला जी गुलाम माणसे आली, त्यांत मार्थाची ही सावत्र भावंडेही होती. मार्थाच्या मृत्यूनंतर सॅलीला जेफरसनपासून मुले झाली, असे आज बहुतेक इतिहासकार मानतात. वंशाने ती मुले सात अष्टमांश युरोपीय होती, आणि 1662 च्या नियमाने जन्मतः गुलाम.

आईच्या बाजूने दर्जा मोजण्याच्या या नियमाला एक उलटी बाजूही निघाली, जी 1662 च्या मंडळींच्या डोक्यात नसावी. गुलामांची नावे बापाच्या बाजूने पुसली गेली तरी आई, आजी, पणजी यांच्या आठवणी घराघरांत राहिल्या, आणि अठराव्या शतकाच्या शेवटी त्यांतून दावे उभे राहिले. शेजारच्या मेरीलँडमध्ये बटलर घराण्यातील माणसांनी 1787 मध्ये आपण एका आयरिश चाकर स्त्रीचे, एलेनोर बटलरचे, वंशज असल्याचे सांगून स्वातंत्र्य मिळवले. व्हर्जिनियात 1806 मध्ये हजिन्स विरुद्ध राइट हा खटला वरच्या न्यायालयात आला. अर्जदार स्त्रिया एकाच माळेतल्या आजी-आई-नातीच्या पिढ्यांतून आलेल्या होत्या आणि आपली मूळ पूर्वज स्त्री इंडियन, म्हणून मुक्त, असे त्यांचे म्हणणे होते. खालच्या न्यायालयात जॉर्ज विथ यांनी त्यांना मुक्त करताना असेही म्हटले होते की माणूस जन्मतः मुक्त धरावा आणि गुलामी सिद्ध करण्याचे ओझे मालकावर असावे. सेंट जॉर्ज टकर ज्यात न्यायाधीश होते त्या अपील न्यायालयाने त्या स्त्रियांचे स्वातंत्र्य कायम ठेवले, मात्र ते तत्त्व गोऱ्या आणि इंडियन दिसणाऱ्यांपुरतेच राखले. केस सरळ आहेत का, नाकाची ठेवण कशी आहे, हे त्यासाठी पाहिले जाऊ लागले. काळ्या दिसणाऱ्या अर्जदाराने आपण मुक्त असल्याचा पुरावा स्वतः आणावा, असे न्यायालयाने ठरवले.